तेरा नंबरच्या जर्सीतला दुसरा

चँडलर, १२ जून २०२५

परीक्षित,

वर काय लिहायचं यातच माझा चहा गार झाला. रविवारच्या मराठी शाळेत बाईंनी सगळे मायने पाठ करून घेतले होते, पण तीर्थरूप तू नाहीस आणि चिरंजीव म्हटलं तर चिडशील. म्हणून नुसतं नाव.

ठरल्याप्रमाणे पहिलं पत्र माझं. मी सप्टेंबरात न्यू जर्सीला येईपर्यंत फोन नाही, मेसेज नाही. हाताने लिहायचं, मराठीत. हे तू सुचवलंस यावर माझा अजून विश्वास बसत नाही. रागाच्या भरात ओळीने मेसेज पाठवणारा आणि सकाळी 'सॉरी यार' म्हणणारा माणूस मला म्हणतो, "कागदावर लिहू. कागदावर मला ओरडता येत नाही."

मावसबहीण नेत्राताईच्या साखरपुड्याला तुमच्याकडे आयसेलिनला आले काय, दुसऱ्या दिवशी तुझी मॅच बघायला आले काय! मला रग्बी कळत नाही, आणि ही तुमची रग्बी लीग तर त्याहून नाही. तेरा जण धावतात, समोरचे तेरा त्यांना आडवं करतात, आडवा झालेला उठून पायाने चेंडू मागे सारतो. "कबड्डीत चेंडू घातला की झालं," असं तू म्हणायचास तेवढंच डोक्यात होतं. तुला तो धक्का लागला आणि तू क्षणभर हललाच नाहीस. मग उठलास आणि असा धावलास की शेजारची अमेरिकन बाई मला मिठी मारून नाचली.

पण मी आले ते त्या धावण्यासाठी नाही. नंतर कुंपणापाशी आपण बोललो, त्यासाठी आले असं आता वाटतं. दोन वर्षांत पहिल्यांदा तू माझं एक वाक्य पूर्ण होऊ दिलंस.

घरी सांगून टाकलं. सिअ‍ॅटलच्या मुलाचं स्थळ आलं होतं, त्यांना आईबाबा नकार कळवणार आहेत. कंपनीचं एक ऑफिस तुमच्याकडे आहे, तिथे बदली मागितली आहे. बाबा माझ्याशी फक्त गाडीच्या टायरबद्दल बोलतात. हे सगळं मी तुझ्या त्या दिवशीच्या शब्दांवर केलंय, हे लक्षात असू दे. भीती वाटत नाही, ही एक नवलाची गोष्ट.

तुझी,
ऋता

जर्सी सिटी, १७ जून
(हे पोस्टात टाकायचं नाही)

ऋता,

मी काय बोललो?

देवाशपथ सांगतो, मला काहीही आठवत नाही. तू कुंपणापाशी उभी होतीस, पिवळा कुर्ता, हातात कुणाचं तरी लहान मूल. मी तुझ्याकडे बघितलं आणि ते बघताना समोरून येणाऱ्या माणसाकडे बघायचं राहिलं. त्यानंतर घरी सोफ्यावर जाग आली. खिडकीत ऊन होतं, उशाशी बादली होती, आणि माझ्याबरोबर राहणारा, टीममधला मिहीर म्हणाला, "उठले का हिरो? काल काय खेळलास साल्या!"

काल. तू तोपर्यंत विमानात बसलेली होतीस.

मधली सगळी दुपार माझ्याकडे नाही. झोपल्यासारखीही नाही, कारण झोपून उठल्यावर वेळ गेल्याचं कळतं. ही कापून नेलीय. डॉक्टरने विचारलं, "सगळं आठवतंय ना?" मी म्हटलं, हो. आमचा कोच डेरेकने विचारलं, त्यालाही हो. नाही म्हटलं असतं तर सीझन गेला असता.

मग तुझं पत्र आलं. मी ते उभ्याने वाचलं, मग बसून वाचलं. कोण हा माणूस? 'कागदावर मला ओरडता येत नाही.' असलं वाक्य मला मेलो तरी सुचणार नाही! मी असतो तर म्हटलं असतं, फोन नाही म्हणजे काय, तो सिअ‍ॅटलवाला तुला फोन करणार आणि मी चिठ्ठ्या लिहू?

मिहीरच्या फोनमध्ये त्या दुपारचा फोटो आहे. तू हसतेयस. शेजारी माझी तेरा नंबरची जर्सी घालून एक जण उभा आहे. चेहरा माझा आहे, पण त्याने तो वेगळ्याच पद्धतीने घातलाय. डोळे शांत. त्याचा हात तुझ्या खांद्यावर आहे. मी तुझ्या खांद्याला कधीही हात लावलेला नाही, ऋता. दोन वर्षं मला ती हिंमत झाली नाही.

परवा पाथ ट्रेनच्या काचेत स्वतःला बघितलं आणि वाटलं, आता हा जरा उशिरा हसेल. तेव्हापासून मी काचेकडे पाठ करून उभा राहतो.

तुला हे सांगू शकत नाही. सांगितलं तर तू म्हणशील, मग मी होकार दिला कुणाला?

जर्सी सिटी, १८ जून

ऋता,

पत्र मिळालं. खूप आनंद झाला. कुंपणापाशी जे बोललो ते मनापासून बोललो, तू अजिबात काळजी करू नकोस. माझं दातांत धरायचं माउथगार्ड मी तुला आठवण म्हणून दिलं होतं, ते जपून ठेवलंस ना? मला नवीन घ्यावं लागलं!

इकडे सगळं ठीक. ओक ट्री रोडवरच्या मिठाईच्या दुकानात सकाळपासून काउंटरवर असतो. आमचे पपा अजून 'कॉलेज सोडलेला' या एकाच नावाने माझी ओळख करून देतात. शनिवारी डेरेकबरोबर मैदानावर जातो. आमचं मैदान शाळेचं, त्यावर अमेरिकन फुटबॉलच्या रेघा असतात. आम्ही त्याच्यावर आमच्या रेघा मारतो. सध्या ते काम माझ्याकडे आहे.

डेरेकबद्दल तू विचारलं होतंस की नाही ते आठवत नाही, पण सांगतो. डेरेक ओल्डरॉइड, आमचा कोच. इकडचे लोक त्याला ऑस्ट्रेलियन समजतात आणि तो चिडतो, म्हणून मुद्दाम समजतात. यॉर्कशरमधल्या खाणीच्या गावचा आहे. आठवडाभर खाणीत, शनिवार-रविवार मैदानावर, सोमवारी तीच मोडकी बोटं घेऊन पुन्हा खाली. तेव्हा तिकडचे बहुतेक खेळाडू असेच होते म्हणे. कान फ्लॉवरच्या गड्ड्यासारखे झालेत. एकदा ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यासाठी निवड झाली आणि निघायच्या आधी जबडा मोडला. पुन्हा कुणी बोलावलं नाही. पण त्याच्या गावच्या क्लबने एक कप जिंकला, लंडनच्या मोठ्या मैदानावर, तो याने जिंकून दिला. स्वतःच्या अर्ध्या भागातून चेंडू घेऊन निघाला आणि चार जणांना चुकवून थेट पलीकडे. तोही तेरा नंबर.

आता तो शाळेची बस चालवतो. पोरं त्याला 'मिस्टर डी' म्हणतात. त्या ट्रायबद्दल, म्हणजे रेघेपलीकडे चेंडू टेकवला त्याबद्दल, विचारलं की तो एका दमात सगळं सांगतो, एक शब्द इकडचा तिकडे होत नाही. आपल्याकडे शाळेत पाढे म्हणायचो तसं.

तू काय करतेस ते लिही. त्या दिवशी आपण जे ठरवलं ते तुझ्या शब्दांत एकदा लिहिशील का? मला वाचायला आवडेल.

तुझा,
परीक्षित

चँडलर, २९ जून

परीक्षित,

कसलं माउथगार्ड? शी! तुझं चावलेलं रबर मी आठवण म्हणून ठेवीन असं तुला वाटलं? ही मिहीरची पुडी दिसते. त्याने मलाही त्या दिवशी सांगितलं होतं की डेरेक मूळचा साताऱ्याचा आहे.

ठरवलं ते माझ्या शब्दांत लिहायचं नाही. तू इतकं नीट बोललास की मी त्यात हात घातला तर ते बिघडेल. इथे फॅक्टरीत आम्हाला डोक्यापासून पायापर्यंत पांढरा झगा घालावा लागतो. चिपवर धुळीचा कण बसेल म्हणून साधा कागदही आत नेता येत नाही. मग मी आत उभी राहून तुझं ते एक वाक्य मनात म्हणते. झग्यात कुणाला दिसत नाही कोण हसतंय.

आईने बाबांना वळवायला सुरुवात केलीय. काल जेवताना म्हणाली, "अहो, मुलगा वाईट नाही." बाबा म्हणाले, "कांचन, कॉलेज सोडलं, नाकावर राग आणि हाफपँट घालून मारामारी. यात चांगलं कुठलं ते दाखव, मी टाळ्या वाजवतो." मी म्हटलं, बाबा, मारामारी संपली आता. त्यावर त्यांनी माझ्याकडे बघितलं, आणि पोळी मागितली. पोळी मागणं म्हणजे सुमंतरावांची निम्मी शरणागती!

तू रेघा मारतोस हे वाचून किती बरं वाटलं म्हणून सांगू. रेघेच्या या बाजूलाही माणूस खेळात असतोच ना. डेरेककाकांबद्दल आणखी लिही. बायको-मुलं कुणी आहेत का त्यांना? एवढ्या लांब एकटे का आले?

इथे वाळवंटात सावलीतसुद्धा भट्टी आहे. टपालपेटीचं झाकण उघडताना हाताला चटका बसतो, तरी मी रोज उघडते.

ऋता

जर्सी सिटी, १४ जुलै

ऋता,

मिहीरशी मी बोलत नाही. का ते विचारू नकोस.

डेरेकबद्दल लिहायचंय. माझ्याकडून एक चूक झाली आणि ती कुणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाही.

त्याची ती कप फायनल इंटरनेटवर सापडली. जुनं चित्र, मुंग्या मुंग्या, पण पूर्ण मॅच. मला वाटलं, म्हातारा खूश होईल. रविवारी लॅपटॉप घेऊन त्याच्या घरी गेलो. तो म्हणाला, "नको पोरा, पाठ आहे." मी ऐकतोय होय? लावली.

पहिल्या अर्ध्यात याच्याच टीममधल्या एकाचा गुडघा याच्या कानशिलावर बसतो. हा पडतो. एक माणूस बादली-स्पंज घेऊन पळत येतो, थंड पाणी मारतो, मानेला धरून उभा करतो. बस. इलाज संपला! हा मान झटकतो आणि रांगेत जाऊन उभा राहतो. मी डेरेककडे बघितलं तर त्याने खुर्ची मागे सरकवली होती. मग ती धाव आली. ऋता, काय धाव होती ती! मी ओरडलोच. पलीकडे चेंडू टेकवल्यावर तो चोवीस-पंचवीसचा डेरेक उठतो, वळतो आणि कॅमेऱ्याकडे बघून डोळा मारतो.

डेरेक म्हणाला, "याला मी कधी भेटलो नाही."

मला वाटलं गंमत करतोय. तो म्हणाला, "मैदानावर जाणारी बस आठवते. मग घरातली न्हाणी आठवते. साबणाच्या वाटीत मेडल होतं. मी बायकोला विचारलं, हे कुणाचं? तिला गंमत वाटली, हसली."

गावात कुणाला कळूच दिलं नाही त्याने. रोज कुणीतरी बिअर पाजायचं आणि त्याची धाव त्यालाच सांगायचं. हा ऐकून घ्यायचा. पुढे तेच सगळं तो लोकांना परत सांगायला लागला, त्यांच्याच शब्दांत. म्हणून पाढ्यासारखं. दरवर्षी क्लबात फिल्म लागायची तेव्हा हा मुतायला जायचा. काल माझ्यामुळे पहिल्यांदा बघितली.

"त्याला माहीत होतं, मी एक दिवस बघणार," तो पडद्याकडे बोट करून म्हणाला. "डोळा मलाच मारलाय त्याने." मग उठून चहा करायला गेला आणि किटली न भरताच गॅस लावला.

आता तू सांग. ती धाव कुणाची? मेडल कुणाचं? जो धावला त्याला आठवत नाही, ज्याच्याकडे मेडल आहे तो धावला नाही. मला हे डोक्यातून काढता येत नाही. काउंटरवर गिऱ्हाईक पेढे मागतं आणि मी बर्फी तोलतो.

जाऊ दे. चांगली बातमी: आपण फायनलला पोचलो! १६ ऑगस्टला, आपल्याच मैदानावर. मी गेले दोन शनिवार पुन्हा खेळतोय, तेरा नंबर माझाच आहे. येशील का? तिकीट मी काढतो. या वेळी तू समोर असताना मी तुझ्याकडे बघणार नाही, प्रॉमिस.

तुझा,
परीक्षित

चँडलर, २१ जुलै

परीक्षित,

कसली फायनल?

तू पुन्हा खेळतोयस?

मी त्या दिवशी तुझ्याकडे एकच गोष्ट मागितली. कॉलेज पूर्ण कर म्हटलं नाही, राग सोड म्हटलं नाही. मला तू त्या गवतावर न हलता पडलेला दिसत होतास, म्हणून खेळणं सोड, एवढंच मागितलं. तू लगेच हो म्हणालास. विचारसुद्धा केला नाहीस. म्हणालास, "ही शेवटची." त्या एका शब्दावर मी घर हलवलं.

रेघा मारतोस म्हणालास. खोटं का लिहिलंस?

ऋता

जर्सी सिटी, २६ जुलै

ऋता,

खोटं? मी खोटं लिहिलं? तेव्हा मी रेघाच मारत होतो, डोक्याला लागलं की काही आठवडे बाहेर बसवतात म्हणून!

आणि शब्द मी दिलाच नाही! ऐक, आता सगळंच ऐक. मी तुला 'ही शेवटची' म्हणालो नाही. मी तुझ्याशी त्या दिवशी एक अक्षर बोललो नाही. तू कुंपणापाशी उभी होतीस तिथपर्यंत मी आहे, त्यापुढे मी नाहीच. डोक्याला लागलं आणि सगळं गेलं. फोनबंदी मला माहीत नाही, ते कागदाचं वाक्य मला माहीत नाही, तू झग्यात उभी राहून जे मनात म्हणतेस ते मला माहीत नाही. दीड महिना मी मिहीरला आणि बाकीच्यांना विचारून विचारून तुला पत्रं लिहितोय. माउथगार्ड तिथूनच आलं. मी त्याला दोन ठेवून दिल्या आणि आता आम्ही घरात भिंतीशी बोलतो.

तुला कोण आवडला माहितीये? एक माणूस, जो अर्धी दुपार जगला. त्याला कॉलेज सोडल्याची लाज नव्हती, पपांचा राग नव्हता, तो सिअ‍ॅटलवाला त्याच्या गावी नव्हता. डोक्याला मार लागला की कुणीही संत होतो! मी दोन वर्षं तुझ्यासाठी जळतोय. रात्र-रात्र टाइप करून खोडलंय. आणि हा उपटसुंभ गवतातून उठतो, तुझ्या खांद्यावर हात ठेवतो, आणि तू त्याला हो म्हणतेस. मला तू कधी हो म्हणालीस? एकदा तरी?

त्याने दिलेला शब्द त्याच्याकडे माग. मी खेळणार. या खेळात मी काहीतरी आहे, बाकी सगळीकडे मी 'सोडलेला' आहे. सोळा तारखेला खेळणार म्हणजे खेळणार.

परीक्षित

चँडलर, ३ ऑगस्ट

परीक्षित,

तुझं पत्र आल्यावर मी पहिल्यांदा रडले ती शब्दासाठी नाही. तुला एवढं लागलं होतं आणि मी समोर उभी राहून, किती छान बोलतोय हा, असं म्हणत होते. मला शांत वाटलेले तुझे डोळे शांत नव्हते रे. ते कुठेच नव्हते, आणि मला ते आवडले. हे मी स्वतःला कसं सांगू?

आता रात्री मला तो दिसतो. कुंपणापाशी उभा असतो आणि माझं ऐकत असतो.

डॉक्टरकडे जा आणि यावेळी खरं सांग.

बदलीचा कागद मॅनेजरच्या टेबलावर आहे. तो वीस तारखेला विचारणार, काय करू. मला खरंच माहीत नाही. तू सोळाला खेळलास तर मला कळेल. मी भांडणार नाही. फक्त मग मी येणार नाही.

ऋता

जर्सी सिटी, १७ ऑगस्ट, सकाळ

ऋता,

हे आजच एक्सप्रेसने टाकतोय, म्हणजे वीसच्या आत पोचेल. फोन करायला हात शिवशिवतोय, पण करत नाही.

डॉक्टरकडे गेलो. खरं सांगितलं. त्याने जे सांगायचं ते सांगितलं, मी मान डोलवली आणि शनिवारी बॅग भरून मैदानावर गेलो. तुला खोटं सांगायचं नाही म्हणून लिहितोय. तुझं पत्र खिशात होतं आणि तरी मी गेलो. तिने धमकी दिली तर आता खेळणारच, असं मनात चाललं होतं. तुला माहीतच आहे.

चेंजिंग रूममध्ये डेरेक माझ्या बोटांना पट्टी बांधत होता. मी म्हटलं, डेरेक, जूनमधली ती मॅच मला आठवत नाही. त्याने पट्टी थांबवली. मी सगळंच ओकलो. तू, कुंपण, शब्द. मला वाटलं आता शिव्या घालेल, जर्सी काढून घेईल. त्याने पट्टी पुढे बांधायला घेतली आणि बायकोबद्दल बोलायला लागला. मॉरीन तिचं नाव. तू विचारलं होतंस ना, तो इतक्या लांब एकटा का आला?

त्या फायनलच्या संध्याकाळी हॉटेलात तो मॉरीनला म्हणाला होता, "बास झालं आता. खाणही सोडतो, खेळही सोडतो. तुझा मामा अमेरिकेत आहे, न्यू जर्सीला, आपण तिकडे जाऊ." ती हो म्हणाली. मग मंगळवारी हा उठला आणि प्रॅक्टिसला गेला, कारण याला काय माहीत! तिला वाटलं, आता गावाने डोक्यावर घेतलंय, विचार बदलला असेल. स्वाभिमानी बाई. तिने एकदाही आठवण करून दिली नाही. हा आणखी कितीतरी वर्षं खेळला. शेवटी कुठल्या तरी खालच्या क्लबात, बर्फाळ मैदानावर, राखीव म्हणून बाकावर. ती दर आठवड्याला त्याचे मोजे धुवायची आणि वाट बघायची की हा कधीतरी विषय काढेल. ती गेल्यावर तिची बहीण त्याला म्हणाली, "तुम्ही अमेरिकेला का गेला नाहीत रे? त्या संध्याकाळचं तिने मला सांगितलं होतं, तुझ्यापुढे मात्र कधी तोंडून काढलं नाही."

मग तो आला. एकटा. मामा केव्हाच वारलेला. "येऊन बघितलं," डेरेक म्हणाला. "बरं आहे. तिला आवडलं असतं का, ते सांगता येत नाही."

मी विचारलं, मग मी काय करू? तो म्हणाला, "मला काय विचारतोस? तुला निदान कुणीतरी सांगितलंय." आणि जर्सी माझ्या मांडीवर टाकून गेला.

मी ती घातली. होय, घातली. बाहेर आलो, धावलो, अंग गरम केलं. मिहीर इतक्या दिवसांनी बोलला, "आज फाडून टाकू यार." तू जूनमध्ये उभी होतीस त्या जागी कुणाचा तरी थंड पेयांचा कूलर ठेवला होता. मी तिकडे बघितलं, आणि आयुष्यात पहिल्यांदा मला मैदानावर भीती वाटली. दुखण्याची नाही. आज पुन्हा लागलं, तर माझ्या जागी आणखी कुणीतरी उठेल. तिसरा. तो मान झटकेल, हसेल, उद्या तुला काहीतरी फार सुंदर लिहील. आणि तुझ्यासाठी जळलेला, खोडलेला, चिडलेला हा जो आहे, तो त्या गवतात तसाच राहील. कुणाला कळणारही नाही की तो गेला.

एकाला मी कसंबसं सहन केलं, ऋता. आणखी एकाला तुझ्याजवळ येऊ देणार नाही.

मी जर्सी काढली आणि कूलरवर ठेवली. शहाणपण वगैरे काही नाही, मत्सरच होता. आम्ही हरलो. माझ्या जागी जो खेळला त्याच्या हातून शेवटी चेंडू सुटला. मिहीर सगळ्यांसमोर मला पळपुटा म्हणाला आणि मी त्याला मारलं नाही, हे मात्र मला जमेल असं वाटलं नव्हतं. काल रात्रभर मुठी वळून पडलो होतो.

तर आता माझं ऐक. तो कुंपणापाशी काय म्हणाला ते मला कधीही सांगू नकोस. मी त्याच्यासारखं बोलू शकणार नाही. मी तुझं वाक्य मध्येच तोडीन, मग माफी मागीन, मग पुन्हा तोडीन. सिअ‍ॅटलचं नाव निघालं की माझं डोकं फिरेल. कॉलेजचं काय करणार ते मला ठाऊक नाही. पण खेळणार नाही. त्याने दिलेला शब्द मी पाळतोय असं समजू नकोस. त्याचा शब्द त्याच्याबरोबर गेला. हा माझा आहे, आज रविवारी सकाळी दिलेला, पूर्ण शुद्धीत आणि भयंकर चिडलेला असताना.

आणि मी तुला कधी विचारलंच नाही, म्हणून विचारतो. माझ्याबरोबर राहशील?

लगेच हो म्हणू नकोस. तू त्याला हो म्हणालीस, मला अजून ओळखत नाहीस. आलीस तर विमानतळावर मी असेन. तो नसेल. आधी मला नीट बघून घे, हवं तर एक शब्दही न बोलता परत फिर. मी अडवणार नाही असं म्हणणार होतो, पण ते खोटं आहे. अडवीन.

परीक्षित